आक्का आणि बेकनमधली कोळंबी

आक्का गेल्याचा फोन आला तेव्हा मी बोंबील साफ करत होते. दोन्ही हात चिकट, फोन ओट्यावर थरथरतोय. शेवटी करंगळीने स्क्रीन सरकवली आणि फोन खांद्यात धरला. पलीकडे आक्कांच्या शेजारच्या सावंतबाई होत्या. "वैशाली, अगं आक्का उठत नाहीयेत..." एवढंच म्हणाल्या आणि रडायला लागल्या. मी विचारलं, "अंग गार आहे का?" त्या आणखी मोठ्याने रडल्या, त्यावरून काय ते कळलं. फोन ठेवला. स्क्रीनला लागलेली बोंबलाची बुळबुळ पुसली. सुतक लागलं, म्हणजे हे बोंबील आता आमच्या घरात शिजणार नाहीत, हे लक्षात आलं; म्हणून तसेच अर्धे साफ केलेले समोरच्या घरी देऊन टाकले, हात लिंबाने धुतले आणि सुधीरला, माझ्या नवऱ्याला, ऑफिसात फोन केला. आक्का त्याची सख्खी थोरली बहीण, म्हणजे माझी नणंद. आधी बोंबील आणि मग भाऊ, हा क्रम काही जणांना कोरडा वाटेल. आक्कांना वाटला नसता. बोंबील फुकट गेले असते तर मात्र त्या मला बोलल्या असत्या.

आम्ही परळहून लालबागला पोचलो तोवर त्यांचं घर माणसांनी भरलं होतं. कुणीतरी अगरबत्तीचा अख्खा पुडा एकदम पेटवला होता. त्या धुराने डोळे चुरचुरत होते. आक्कांना अगरबत्ती आवडत नसे. वास झाकायला लावतात मेले, असं त्या देवळातसुद्धा म्हणायच्या. आणि त्या धुरात बसून जमलेली मंडळी एकाच गोष्टीबद्दल बोलत होती. आक्कांचं नाक. "काय नाक होतं हो!" "लांबून सांगायची, बांगडा सकाळचा की कालचा." "आता असं नाक होणे नाही." मी आक्कांकडे बघितलं. नाकपुड्यांत कापसाचे बोळे घातलेले होते, आणि एक बोळा अर्धवट बाहेर आला होता. मला मळमळलं. दुःखाने नव्हे. त्या कापसाने आणि त्या कौतुकाने. कारण ज्या नाकाचं हे सगळे गोडवे गात होते, ते नाक कित्येक वर्षांपूर्वीच गेलं होतं. ते त्या खोलीत दोघींनाच माहीत होतं. त्यातली एक मी आणि दुसरी खाली चटईवर.

वाचकांना आक्का माहीत असायचं कारण नाही. मोठं असं त्यांनी काही केलं नाही. वडील गिरणीत, घर लालबागच्या चाळीत. त्या एका सरकारी कचेरीत टायपिस्ट म्हणून लागल्या आणि तिथूनच निवृत्त झाल्या. चाळ पडून तिथे टॉवर झाला, तेव्हा वरच्या मजल्यावर त्यांना घर मिळालं. पहिल्याच दिवशी लिफ्टमध्ये शिरून त्या म्हणाल्या, "इथे कुणीतरी ओला कुत्रा आणलेला." लग्न केलं नाही. का, ते विचारायची कुणाची छाती नव्हती. मी एकदा विचारलं, तर म्हणाल्या, "बघायला आलेल्या प्रत्येकाच्या तोंडाला वास येत होता. जन्मभर तो कोण घेणार?" यातलं खरं किती आणि टोमणा किती ते मला शेवटपर्यंत कळलं नाही.

आमचं मूळ गाव मालवणाकडचं. घरं परळ, दादर, गिरगावात विखुरलेली. पण मासा एकच नाक पारखणार, असा घराण्याचा कायदा होता. साखरपुडा असो, हळद असो, मुंजीनंतरचं तिखटाचं जेवण असो, बाजारात जायचं ते आक्कांनी. कोळणीपुढे त्या वाकत नसत. मासा उचलून स्वतःच्या नाकापर्यंत आणत. कल्ला बोटाने वर करायचा, डोळे मिटायचे, एकदाच हुंगायचं. मग "हं, घाल" किंवा "नेऊन समुद्रात सोड". तिसरं वाक्य नाही. गिरगावच्या एका चुलत नणंदेच्या साखरपुड्याला कॅटररने आणलेली अख्खी सुरमई त्यांनी हॉलच्या दारातून परत पाठवली होती. पाहुण्यांना वरणभात वाढला गेला. कॅटरर शिव्या घालत गेला आणि मुलाकडचे तोंड पाडून जेवले. पण पुढे कित्येक वर्षं ही गोष्ट आमच्याकडे पराक्रम म्हणून सांगितली जायची. घरी आलेल्या सुनेला सगळ्यात आधी तीच ऐकवायचे.

या कायद्याला एक पोटकलम होतं. आक्कांनी हुंगलेल्या माशाला दुसऱ्या कुणी नाक लावायचं नाही. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात मी ते मोडलं. त्यांनी आणलेले बांगडे धुताना मी सवयीने एक नाकाशी नेला. सासूबाई मागेच उभ्या होत्या. "आक्कान बघल्यान हा मां? मगे तू कित्याक हुंगतंस?" आवाज मोठा नव्हता, पण बाहेर बसलेल्या आक्कांना जाईल एवढा होता. त्यानंतर मी कधी हुंगलं नाही. आमच्याकडे कुणीच हुंगत नसे. आक्कांनी दिलेली पिशवी आली की सरळ नळाखाली.

मला त्या आवडायच्या असं मी म्हणणार नाही. माझ्या घरात शिरल्या शिरल्या त्या स्वयंपाकघराच्या दारात थांबायच्या, श्वास घ्यायच्या आणि "फडकं कुबट झालंय गो" म्हणायच्या. फडकं खरंच कुबट असायचं, त्याचाच राग यायचा. कुणाच्या घरी जेवायला गेल्या तर पहिला घास नाकापाशी थांबे, आणि वाढणाऱ्या बाईचा जीव टांगणीला लागे. मी हे बघत बघत पन्नाशीला आले.

मग ती साथ आली. तापाने आमच्यातले बरेच जण आडवे झाले, आणि वास गेला, चव गेली, असं जो तो सांगू लागला. सुधीरचा गेला आणि आला. माझा गेला आणि आला. आक्कांना विचारलं तर म्हणाल्या, "माझं काय जातंय! तुमची नाकं कच्ची." सगळे हसले. त्यानंतर त्यांच्या हातचं माशाचं तिखलं कधी खारट लागे, कधी अळणी. एकदा त्यांच्याकडे गेले तर दूध करपून पातेलं काळं झालेलं आणि त्या शेजारच्याच खोलीत पेपर वाचत बसलेल्या. मी म्हटलं, वय झालं. सगळ्यांनी तेच म्हटलं. दुसरं काही असेल हे कुणाच्या मनातही येणं शक्य नव्हतं. आमच्या घराण्यात सूर्य मावळेल, पण आक्कांचं नाक नाही.

दोन वर्षांपूर्वी आमच्या निखिलने, माझ्या मुलाने, वडाळ्याला भाड्याचं घर घेतलं आणि ऑफिसच्या मित्रमैत्रिणींना पार्टीला बोलावलं. स्टार्टर काय करायचं यावरून त्याने मोबाइलवर एक व्हिडिओ आणला. मोठी कोळंबी, टायगर म्हणतात ती, आणि तिच्याभोवती बेकनची पट्टी गुंडाळून तव्यावर खरपूस करायची. बेकन म्हणजे डुकराचं मांस, हे कळल्यावर मी मोबाइल परत दिला. मी धर्माबिर्माचं बोलत नाही. पण ताज्या कोळंबीवर डुकराची चरबी गुंडाळायची म्हणजे धुतलेल्या पोराला गटारात बसवायचं. मला वाटलं, शेजारी बसलेल्या आक्का आता त्याला उभा सोलतील. तर आक्का चष्मा लावून तो व्हिडिओ दोनदा बघून म्हणाल्या, "सोपं आहे. मी करते."

"आक्का, डुक्कर आहे ते," मी म्हटलं.

"मग? कोळंबी काय तुळशीत उगवते?"

निखिल आत्याच्या गळ्यात पडला. "बघ आई, आत्या तुझ्यापेक्षा मॉडर्न आहे. आणि सगळ्यांना सांगितलंय मी, माझी आत्या म्हणजे चालतीबोलती लॅब आहे!" आक्का खुशीत हसल्या. त्या हसण्याचा मला तेव्हा अर्थ लागला नाही.

पार्टी शनिवारी. वाराचं मी म्हणताच आक्कांनी उडवून लावलं, मासे वार बघून पोहत नाहीत. दुपारी त्या टॅक्सीने वडाळ्याला आल्या, मांडीवर स्टीलचा मोठा डबा. झाकण उघडलं तर आत कोळंबी, पण डोकी काढलेली, शेपूट तेवढं ठेवलेलं, पांढरी स्वच्छ. मी चमकले. सोललेल्या माशाकडे आक्का ढुंकून बघत नसत. ज्याला डोकंच नाही त्याला विचारणार काय, असं म्हणायच्या. मी तसं बोललेसुद्धा. "हिराबाय आज आली नव्हती," त्या म्हणाल्या. हिराबाय म्हणजे त्यांची नेहमीची कोळीण. "दुसऱ्या एकीकडे होती. मी बघितली ना हुंगून. तू लसूण सोल."

आणि मग मी बेकनचं पाकीट कापलं. ती पट्टी हातात घेतल्यावर जे वाटलं ते अजून बोटांवरून जात नाही. गुलाबी आणि पांढरी, ओली, थंड, एकीला एक चिकटलेली. जखमेवरची पट्टी सोडवावी तशी एकेक सोडवायची. मध्ये फाटली की चरबीचा लोळ अंगठ्याला चिकटून राहतो. मी तोंडाला ओढणी बांधली. आक्का मात्र चुना लावावा तशा सराईतपणे कोळंबीला लसूण-मिरी चोळत होत्या, पट्टी गुंडाळत होत्या, टूथपिक खोचत होत्या. "थोडं आगळ लावू का रे?" त्यांनी हॉलकडे बघून विचारलं.

"आत्या, नको! कोकम नको! व्हिडिओत आहे तसंच कर!"

"व्हिडिओवाल्याला चव कसली," त्या पुटपुटल्या, पण आगळ लावलं नाही.

स्वयंपाकघरात घाण सुटली होती. लहानसं घर, एक खिडकी, आणि तो वास. गोडसर, जड, घशात बसणारा. वरून काहीतरी झोंबणारं, डोळ्यांत पाणी आणणारं. निखिल दारातून डोकावला आणि नाक दाबून पळाला. "आई, बेकन असंच वास मारतं का गं?" मला काय माहीत? आमच्या सात पिढ्यांत कुणी डुक्कर शिजवलं नव्हतं. मी गृहीत धरलं की डुक्कर अशीच घाण मारत असणार, लोक तरीही खातात, लोकांचं काय सांगावं. पहिली खेप तव्यावर पडली. चरबी वितळून तडतडू लागली आणि मला उलटी येणार असं वाटून मी बेसिनला धरून उभी राहिले. आक्का तव्यावर वाकून, तोंडावर तो सगळा धूर घेत, चिमट्याने एकेक परतत होत्या. गुणगुणत होत्या.

तेवढ्यात निखिलची ऑफिसातली मैत्रीण मदतीला म्हणून लवकर आली. शेरिल तिचं नाव, गिरगावातल्या एका वाडीतली, घरी मराठी बोलणारी ख्रिश्चन मुलगी. बाह्या सरसावत आत आली आणि उंबऱ्यातच थबकली. मला बाजूला घेऊन हळूच म्हणाली, "काकी, हा कसला वास?"

"बेकनचा."

"नाही काकी." तिने पाकीट उचललं, उरलेल्या पट्ट्या हुंगल्या. "आमच्याकडे नाताळात असतं हे. बेकनला धुराचा वास येतो, लाकूड जाळल्यासारखा. हे चांगलं आहे. हा वास... दुसऱ्या कशाचा तरी आहे."

मी ओढणी खाली केली. डब्यात अजून निम्मी कोळंबी होती. मी हात घातला, एक उचलली, आणि पस्तीसेक वर्षांत जे केलं नव्हतं ते केलं. नाकाशी नेली. मुतारीतून येतो तसा भपकारा डोक्यात गेला. कोळंबी बोटांत लगदा झाली. कालची नव्हती, परवाचीही नसावी. ती धुऊन, बर्फात घोळून, पांढरीशुभ्र करून विकलेली होती. आणि आम्ही ती इतका वेळ हातांनी चोळत होतो. माझ्या नखांत ती होती.

मी आक्कांकडे बघितलं. त्या धुरात त्या तशाच वाकलेल्या. डोळ्यांत पाणी नाही, कपाळाला आठी नाही. कुबट फडकं दारातून ओळखणारी बाई त्या नरकात उभी राहून गुणगुणत होती. माझ्या मनात जे आलं त्याचा मला कोळंबीपेक्षा जास्त धसका बसला. मी शेरिलला बर्फ आणायला खाली पाठवलं, दार लोटलं, आणि तीच कोळंबी त्यांच्यापुढे धरली.

"आक्का, ही बघा जरा."

त्यांनी चिमटा खाली ठेवला. कोळंबी घेतली. तोच थाट... डोळे मिटले, नाकाशी आणली, एकदाच लांब श्वास घेतला. त्यांच्या चेहऱ्यावर काही नाही.

"हं," त्या म्हणाल्या. "ताजी आहे. घाल."

आक्कांनी डोळे उघडले आणि माझ्याकडे बघितलं, मग माझ्या हाताकडे. मी बोटं शरीरापासून लांब धरली होती, घाणीत गेलेली बोटं धरतात तशी. त्यांना कळलं. मला कळलं हे कळलं. तव्यावर चरबी तडतडत होती.

"किती खराब आहे?" त्यांनी विचारलं. आवाज टायपिस्टचाच, कोरडा.

"टाकायची आहे सगळी."

"बाहेर कोण कोण आहे?"

"निखिल. बाकीचे येतीलच."

त्यांनी गॅस बंद केला आणि ओट्याला टेकून उभ्या राहिल्या. बाहेर निखिल फोनवर कुणाला तरी सांगत होता, "लवकर या रे, माझी आत्या बनवतेय, ती नुसत्या वासावरून सांगते..." आक्कांनी पदराचं टोक मुठीत घट्ट धरलं होतं. त्या बाईला मी तोवर कधी घाबरलेलं बघितलं नव्हतं. घराण्यात त्यांना नवरा नव्हता, मूल नव्हतं, पैसाही बेताचा. एक नाक होतं. ते गेलं असं कळलं तर उद्यापासून त्या कोण? सुधीरची म्हातारी बहीण. फोन करून विचारायचं, जेवलात का, औषध घेतलंत का.

मी दार उघडलं आणि म्हटलं, "निखिल, बेकन खराब निघालं. सगळं टाकतेय."

मी विचार फारसा केला नव्हता. डुक्कर समोर होतं, त्याच्यावर ढकललं. सगळ्यांची नाकं तयारच होती. ते घाणेरडं आहे हे कुणाला पटवून द्यावं लागणार नव्हतं. फक्त निखिलला पटलं नाही. तो आत आला, पाकिटावरची तारीख बघितली आणि माझ्यावर उसळला. "आई, तू मुद्दाम करतेस! पहिल्यापासून तुला नको होतं. माझ्या घरात, माझ्या मित्रांसमोर तू हे सोवळं काढणार?" शेरिल बर्फ घेऊन दारात उभी होती. तिला बेकन चांगलं आहे हे ठाऊक होतं. तिने एकदा माझ्याकडे बघितलं, एकदा आक्कांकडे, आणि म्हणाली, "नाही रे. मी बघितलं ना, पाकीट फुगलं होतं. आमच्या मम्मीने पण फेकलं असतं." गुणी पोरगी. ती काय समजली आणि किती, हे मी तिला कधी विचारलं नाही.

ते सगळं प्रकरण दोन पिशव्यांत बांधून मी स्वतः खाली नेलं. वॉचमनने नाकाला रुमाल लावला आणि "मॅडम, कोई मर गया क्या?" म्हणाला. वर येऊन हात साबणाने, लिंबाने, शेवटी डेटॉलने धुतले. मग कांदाभजी तळली. पाहुण्यांनी हादडली. आक्का कोपऱ्यातल्या खुर्चीत बसून होत्या. कुणी विचारलं, आत्या, तुमच्या हातचं खायला आलो होतो, तर त्या म्हणाल्या, "डुकराने दगा दिला." सगळे हसले. निखिल हसला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आक्का परळला आमच्याकडे आल्या. स्वयंपाकघराच्या दारात थांबल्या, पण श्वास घेतला नाही, फडक्याबद्दल बोलल्या नाहीत. सरळ स्टुलावर बसल्या. तापानंतर वास परत आलाच नाही, असं त्यांनी सांगितलं. आज येईल, उद्या येईल म्हणून गप्प राहिल्या. डोळ्यांनी आणि बोटांनी मासा कळतो, डोकं असेल तर; त्यावर भागवत होत्या. हिराबाय त्यांना वाईट देतच नसे.

"मग हे डुकराचं कशाला अंगावर घेतलंत?" मी विचारलं.

"तिखलं बिघडलं तर तुम्ही पकडाल. त्या पट्ट्यांचं कोण पकडणार? कुणी खाल्लंय? मी करीन ती चव." मग जरा थांबून म्हणाल्या, "त्या बाईने बघितलं गो माझ्याकडे. मी ती कोळंबी नाकाशी धरली आणि 'हं' म्हटलं, तेव्हा बघितलं तिने. तिला कळलं, म्हातारीचं नाक मेलंय. तेव्हाच पिशवी भरली तिने."

त्यांना थोपटणं मला जमणार नव्हतं आणि त्यांना चाललंही नसतं. मी म्हटलं, गॅसचा वास येत नाही म्हणजे तुमच्या घरात सिलिंडर राहणार नाही. त्याच दिवशी त्यांना विजेची शेगडी घेऊन दिली आणि सुधीरला सांगितलं की टॉवरमध्ये तसा नियम आलाय. बाजाराचं मात्र त्या सोडायला तयार नव्हत्या. तेव्हा ठरलं की मी बरोबर जायचं. त्या मासा उचलणार, मी पिशवी धरून अगदी शेजारी वाकणार. चांगला असेल तर मी काहीच करायचं नाही. वाईट असेल तर खोकायचं. निकाल द्यायचा तो त्यांनीच.

"निखिल तुझ्यावर डूख धरून आहे," त्या म्हणाल्या. "त्याला सांगावंसं वाटतं तर सांग. पण मी मेल्यावर. मग खुशाल पेपरात छाप."

दोन वर्षं आम्ही बाजारात तशा उभ्या राहिलो. मी हुंगायचे, त्या बोलायच्या. नवरा-बायकोला जमत नाही इतकं ते जमत गेलं. एकदा मला खरंच सर्दी झाली आणि खोकून खोकून मी हिराबायच्या सगळ्या पाट्या नापास केल्या. आक्का भडकल्या. "मेल्ये, घरी बसायचंस ना!" आणि हिराबायला म्हणाल्या, "आज सगळाच समुद्र नासलाय वाटतं." त्या दिवशी आम्ही पिठलं खाल्लं. आणि निखिल... कुठल्याही जेवणाला, कुठल्याही वाढदिवसाला, नवीन काही पदार्थ आला की म्हणायचा, "आधी आईला विचारा, सोवळ्यात बसतं का." मी ऐकून घ्यायचे. आक्का त्या वेळी पानाकडे बघत. एकदाही त्यांनी तोंड उघडलं नाही. त्याचा मला राग यायचा, हे लपवण्यात अर्थ नाही.

तेराव्याला पुन्हा तेच झालं. एकेक उठून बोलला, आणि प्रत्येकाने नाकाचीच आरती ओवाळली. निखिलही बोलला. शेवटी म्हणाला, "आत्या एवढी मोठ्या मनाची, तिने माझ्यासाठी बेकनलासुद्धा हात लावला. ते आईने कचऱ्यात टाकलं, ते सोडा." लोक हसले. श्रीखंडाचा घास माझ्या तोंडात फिरत राहिला, गोड, थंड, चिकट. मी तो गिळला.

रात्रीची वाट न बघता भांडी आवरता आवरता मी त्याला सगळं सांगितलं. तो पातेलं पुसत होता. आधी त्याचा चेहरा वाकडा झाला. "म्हणजे... आपण ती खाल्ली असती?" आणि खरोखरच उमासा आल्यासारखा बेसिनवर वाकला. मग सरळ होऊन म्हणाला, "पण मागच्या वर्षी माझ्या वाढदिवसाचं पापलेट? तेव्हा आत्यानेच..."

"मी."

"आणि त्या गिरगावच्या हळदीच्या जेवणाचं?"

"तेही मीच."

तो बराच वेळ ते कोरडं पातेलं पुसत राहिला. "मी काय काय बोललो गं तुला," एवढंच म्हणाला. मी म्हटलं, पातेलं झालं असेल तर कढई घे.

आमच्याकडे सुतक फिटलं की सगळ्यांनी एकत्र बसून पुन्हा मासा खायचा असतो. तो घशाखाली उतरला की दुखवटा संपला. बाजारात कोण जाणार यावर सगळे एकमेकांकडे बघत बसले. निखिल म्हणाला, "आई जाईल. मी पिशवी धरतो."

हिराबायने आम्हाला बघून डोळ्यांना पदर लावला, मग लगेच सुरमईचं अख्खं धूड उचलून पुढे केलं. "ही घे गो बाय. आक्काच्या नावाची ठेवलीय." मी मासा हातात घेतला. कल्ला वर केला. लाल होता, पण त्या लालीखाली वास होता, किंचित, पाटीतल्या बर्फाने दाबलेला. मी खोकले.

आणि उभी राहिले. हिराबाय माझ्या तोंडाकडे बघत होती. मागे गिऱ्हाइकं खोळंबली होती, कुणाच्या तरी पिशवीतलं पाणी माझ्या पायावर गळत होतं. मी पुन्हा एकदा खोकले. उजवीकडे, जिथे त्या उभ्या राहायच्या, तिथे निखिल होता.

"आई," तो हळूच म्हणाला, "आता तुलाच बोलायचंय."

"वास येतोय, हिराबाय," मी म्हटलं. "नेऊन समुद्रात सोड."